चादरीवरचे निळे ठिपके

१२ जून

प्रिय आत्या,

फोनवर तू "बरं आहे" म्हणतेस आणि ठेवून देतेस, म्हणून हे पत्र. नमुन्यांची गाडी रोज तुमच्या रुग्णालयातून रक्ताच्या बाटल्या घेऊन आमच्याकडे येते आणि परत जाताना रिकामी असते. ड्रायव्हरकाका म्हणाले, "पत्र माझ्या खिशातून नेईन. पेटीत नको, पेटीत फक्त आजार बसतात." तेव्हा टपाल वेळेवर आलं नाही ही सबब आता चालणार नाही. मी दुसरीत असताना माझ्याच पाटीवर तू अक्षरं शिकलीस, ती गंजू द्यायची नाहीत.

नोकरी लागून तीन महिने झाले, तरी सकाळी प्रयोगशाळेचं दार ढकलताना अजून वाटतं, कुणीतरी विचारेल, "तू इथे कशी?" घरातली पहिली पदवी भिंतीवर टांगून बाबा मोकळे झाले. ती खरी करून दाखवायची ती मला.

आता कामाचं. संस्थेच्या सातही रुग्णालयांमध्ये कुठे संसर्ग पसरला तर त्याचा माग आमचा विभाग काढतो. माझ्या वाट्याला आलेला पहिलाच माग तुमच्या आयसीयूचा आहे. डिसेंबरपासून तिथे चौदा रुग्णांना एकच जंतू लागला. तो जवळजवळ कुठल्याच औषधाला दाद देत नाही. चौघे गेले. हे तुला माझ्याआधी माहीत असणार, त्यांच्या खाटा तूच पुसल्यास.

तू तिथे सफाईला आहेस हे मी आमच्या विभागप्रमुखांना, म्हणजे मॅडमना, पहिल्याच दिवशी सांगून टाकलं. त्या म्हणाल्या, "बरं झालं. नाहीतर आपल्याला खरं कोण सांगतं?"

तर आत्या, खरं सांग. पाळीवर आल्यापासून जाईपर्यंत तू काय काय करतेस, काहीही न गाळता लिही.

तुझी,
भिंगरी

१८ जून

भिंगरीस आत्याचा आशीर्वाद.

तीन दिवस लिहिते आहे, म्हणून अक्षराला हसू नकोस. कोपर दुखायला लागलं. फरशी पुसून कधी दुखलं नाही.

सकाळी सातला हजेरी. आधी हात धुते, मग गाऊन. तीन बादल्या, एक साबणाची, एक साध्या पाण्याची, एक औषधाची. खाटेचे कठडे, टेबल, दाराची मूठ. प्रत्येक खाटेला वेगळं फडकं. एका खाटेचं फडकं दुसरीला लावलं तर मी त्या बाईशी दिवसभर बोलत नाही, म्हणून आमच्या बाकीच्या सहाजणी मला मागे हवालदार म्हणतात. म्हणू देत. मग बेसिनं. ती सकाळी अन् दुपारी दोनदा, तुझ्या हुकमाप्रमाणे, लांब दांड्याचा ब्रश आत घालून खालपर्यंत. चकचकीत. डॉक्टर त्यात तोंड बघून केस नीट करतात.

नऊ नंबरच्या खाटेजवळचं बेसिन सगळ्यात घाण होतं. नळीने देतात ना ते दुधासारखं पातळ अन्न, त्यातलं उरलेलं सिस्टर त्यातच ओततात. मोरी पार कॉरिडॉरच्या टोकाला, त्या तरी किती धावणार. मी मागून घासून टाकते.

तू विचारलं नाहीस तरी सांगते. व्यवस्थापकसाहेबांनी आम्हाला बोलावून सांगितलं, औषधं तीच, डॉक्टर तेच, मग सफाईच कमी पडते आहे. दहा ऑगस्टला समिती बसणार. तोवर कारण सापडलं नाही तर आयसीयूला कुलूप अन् आम्ही सातजणी घरी. बाकीच्या सहाजणी माझ्याकडे बघतात. मी म्हटलं, माझी भाची शोधते आहे.

आत्या

३ जुलै

प्रिय आत्या,

मागच्या आठवड्यात मी नमुने घ्यायला आले तेव्हा तू मला अनोळखी पाहुण्यासारखं "मॅडम, इकडून या" म्हणालीस आणि मला हसू आवरेना. इनचार्ज सिस्टर तुला मावशी म्हणतात, डॉक्टरही मावशी म्हणतात. साऱ्या आयसीयूची तू मावशी आणि आत्या मात्र माझ्या एकटीची, याचा मला फार अभिमान वाटला.

एकशेबारा जागांवरून कापसाच्या काड्या फिरवल्या. कठडे, मुठी, फडकी, बादल्या, नळाच्या तोट्या, बेसिनाच्या कडा आणि जाळ्या. एकावरही तो जंतू उगवला नाही. मॅडम म्हणाल्या, इतकं स्वच्छ आयसीयू त्यांनी वीस वर्षांत पाहिलेलं नाही. हे तुझ्या सहाजणींना नक्की सांग.

एक साधी गोष्ट हवी होती. फेब्रुवारीत माझ्या पदवीदानाला आलीस तेव्हा रजा नेमकी कोणत्या तारखेपासून कोणत्या तारखेपर्यंत होती? नोंदीसाठी हवं आहे.

तुझी,
भिंगरी

७ जुलै

भिंगरीस आशीर्वाद.

तारखा विचारतेस? त्या पाठ आहेत. नऊ फेब्रुवारीला निघाले अन् पंचवीसला हजर झाले. वीस वर्षांत घेतलेली ती एकच लांब रजा. तू काळा झगा घालून स्टेजवर गेलीस अन् तुझा बाप रडेल म्हणून मी रुमाल घेऊन बसले होते, तो मलाच लागला.

माझ्या जागी बदली बाई होती. आम्ही तिला लोळणबाई म्हणतो. कठडे पुसायची, फरशी पुसायची अन् स्टुलावर बसून डुलायची. मी परत आले तर नऊ नंबरच्या बेसिनाला बोटभर थर. तो काढायला मला दोन दिवस लागले. असल्या बाया ठेवतात अन् दोष आम्हाला.

या तारखा हजेरीच्या सर्टिफिकेटसाठी हव्यात का? वीस वर्षं झाली की देतात म्हणे. तू खटपट करत असशील तर आईला सांगू नकोस, ती गावभर करेल.

आत्या

१२ जुलै

प्रिय आत्या,

सर्टिफिकेटसाठी नव्हत्या. मी तुझ्याशी खोटं बोलले आणि चार दिवस मला जेवण गेलं नाही, म्हणून आता सरळ लिहिते.

माझ्यासमोर भिंतीवर एक तक्ता आहे. चौदा रुग्ण, प्रत्येकाला संसर्ग झाला त्या दिवशी एक लाल टिकली. डिसेंबरपासून टिकल्या पडत जातात. मध्ये एकच मोकळी जागा आहे. बारा फेब्रुवारीपासून सत्तावीस फेब्रुवारीपर्यंत एकही नाही. अठ्ठावीसला परत सुरू. तू रजेवर गेल्यावर तीन दिवसांनी टिकल्या थांबल्या आणि तू आल्यावर तीन दिवसांनी पुन्हा पडायला लागल्या. जंतू अंगात शिरून दिसायला साधारण तितकेच दिवस लागतात.

काही माणसांच्या हातावर किंवा नाकात जंतू नुसता राहतो. त्यांना काही होत नाही, पण ते तो इतरांना देतात. तुझे नमुने घ्यावे लागतील. हे तक्त्यातून काढून टाकावं असं एका क्षणी माझ्या मनात आलं. मग वाटलं, असंच करायचं होतं तर शिकले कशाला?

मॅडमना दाखवलं आहे. परवा आमचा माणूस नमुने घ्यायला येईल. मी येत नाही. माझ्याच्याने होणार नाही.

भिंगरी

१५ जुलै

भिंगरी,

तुझा माणूस आला होता. नाक, हात, काख, सगळं दिलं. चांगला आहे बिचारा, दोनदा माफी मागितली.

निकाल लागेपर्यंत मला कपड्यांच्या खोलीत बसवलं आहे. चादरी मोजते.

त्या चौघांत एक मास्तर होते. बोलता येत नव्हतं, तरी मी फरशी पुसायला आले की पाय वर घ्यायचे. पाय उचलायची ताकद नव्हती, तरी घ्यायचे. ते माझ्या हातांनी गेले असतील तर ते मला आधी कळू दे. साहेबांना नंतर कळलं तरी चालेल.

आत्या

२६ जुलै

प्रिय आत्या,

अकरा दिवस तुझं पत्र नाही. ड्रायव्हरकाका रोज खिसा उलटा करून दाखवतात.

तुझ्या अंगावर तो जंतू नाही. आम्ही तीनदा तपासलं. एकदाही नाही. उद्यापासून तू परत आयसीयूत जाशील, तसं पत्र व्यवस्थापकांना गेलं आहे. तू मला शिव्या दे, पण लिही.

आणि हेही खरं सांगते, मला आता काहीच कळत नाहीये. जंतू तुझ्यावर नाही आणि तू नसलीस की तो थांबतो. तू हात लावतेस त्या कुठल्याच वस्तूवर तो सापडत नाही. समितीला पंधरा दिवस उरलेत आणि माझ्या हातात फक्त एक तक्ता आहे, त्यात तुझ्या रजेएवढं भोक.

भिंगरी

२ ऑगस्ट

भिंगरीस आत्याचा आशीर्वाद.

रागावले होते. आता नाही. राग करायला सवडच मिळाली नाही.

कपड्यांच्या खोलीत चादरी मोजता मोजता मी तुझ्या तक्त्याचा विचार करत होते. तू विचारत होतीस, आत्या काय करते म्हणून. मी विचार केला, लोळणबाई काय करत नव्हती? कठडे पुसायची. फरशी पुसायची. फडकीसुद्धा बदलायची, सिस्टरांच्या धाकाने. तिने एकच गोष्ट पंधरा दिवस केली नाही. बेसिन घासलं नाही.

 स्वच्छ करण्याने कुणी आजारी कसं पडेल? पण तू म्हणतेस, मनात आलं की पडताळून बघायचं. मग पडताळलं.

परत आयसीयूत गेले तेव्हा नऊ नंबर रिकामा होता. इनचार्ज सिस्टरांना म्हटलं, मला दहा मिनिटं द्या अन् वेड्यात काढू नका. कपड्यांना घालायची नीळ आणली होती, अर्धी बाटली बेसिनाच्या जाळीतून आत ओतली. रद्द झालेली एक पांढरी चादर सगळ्या खाटांची औषधं भरायच्या फळीवर पसरली, ती बेसिनाला लागूनच आहे. दुसरी नऊ नंबरच्या खाटेवर, उशीपर्यंत. मग नळ सोडला अन् ब्रश आत घालून रोजच्यासारखं घासलं. जास्त नाही, कमी नाही.

सिस्टरांनी फळीवरची चादर खिडकीकडे धरली. निळेच निळे ठिपके, टाचणीच्या टोकाएवढे. मी मोजले, त्रेसष्ट. उशीवर नऊ. मी तीन वर्षं त्या बेसिनाशी उभी राहते आहे, भिंगरी, एक थेंब उडताना कधी डोळ्यांनी दिसला नाही.

 सिस्टरांनी चष्मा काढला, पुसला, परत घातला. मग म्हणाल्या, "मावशी, सुया मी इथेच उघडून ठेवते."

जाळी मी रोज औषधाने पुसते, म्हणून तुझ्या काडीला काही लागलं नाही. पण जाळीखाली पाइप वाकतो, तिथे पाणी साचून राहतं, अन् त्यात रोज ते दुधासारखं अन्न पडतं. तिथवर तुझी काडी पोचली नाही. माझा ब्रश पोचतो.

दोन्ही चादरी काकांबरोबर पाठवते आहे, घडी जपून उघड. आणि पाइपाच्या आत बघ.

आत्या

१० ऑगस्ट

प्रिय आत्या,

सापडला. पाइपाच्या वाकणात, पांढऱ्या बुळबुळीत थरात, तोच जंतू. आम्ही त्याची आणि रुग्णांमधल्या जंतूची जनुकं ताडून पाहिली. चौदाच्या चौदा एकाच कुळातले. निकाल पडद्यावर आला तेव्हा मॅडम खुर्चीवरून उठल्या आणि त्यांनी माझ्याशी नाही, तर भिंतीवर लावलेल्या तुझ्या चादरीशी हात मिळवला. खरंच, कोपरा हातात धरून.

आता समितीचं. मी आधी तुझे ठिपके दाखवले, मग जनुकं. मग एक गोष्ट राहिली होती ती सांगितली. नोव्हेंबरात मी सुट्टीला आले होते, शेवटची परीक्षा नुकतीच झाली होती, दोन पुस्तकं वाचून शहाणी झाले होते. तूच लिहिलं होतंस ना, "तुझ्या हुकमाप्रमाणे." ओल्या जागी जंतू वाढतात, बेसिन दिवसातून दोनदा खालपर्यंत घासत जा, हे तुला मीच सांगितलं होतं. पहिली लाल टिकली डिसेंबरातली आहे. हे मी सगळ्यांसमोर उभी राहून सांगितलं.  मॅडम एवढंच म्हणाल्या, "लिहून घ्या. असं कबूल करणारी माणसं असली की माग लागतो."

व्यवस्थापक मात्र म्हणाले, बेसिन बदलाच, पण खबरदारी म्हणून त्या बाईंनाही दुसरीकडे हलवा. मॅडमनी नाही म्हटलं. दोन्ही एकदम बदललं तर दोष कुणाचा होता ते कधीच कळणार नाही. हात तेच, पाळी तीच, बदलायचं फक्त बेसिन. नवा पाइप, औषधांची फळी पलीकडच्या भिंतीला, उरलेलं अन्न मोरीतच, आणि आत ब्रश घालायचा नाही. असे साठ दिवस. एकही नवा रुग्ण निघाला नाही तर तुम्ही सातजणी कायम. एक जरी निघाला तरी आयसीयू बंद आणि ठपका तुझ्यावर.

तू नाही म्हणू शकतेस. मॅडमनी हे मला तीनदा लिहायला सांगितलं आहे. नाही म्हणू शकतेस, नाही म्हणू शकतेस.

भिंगरी

१३ ऑगस्ट

भिंगरी,

सोळा तारखेपासून मोजायला घे. साठ दिवसांत एकही रजा टाकणार नाही. शून्य यायचं असेल तर ते माझ्या हजेरीत यायला हवं.

अन् नोव्हेंबरचं मनाला लावून घेऊ नकोस. तू सांगितलंस अन् मी केलं, कारण दोघींनाही वाटत होतं माणसं बरी व्हावीत. आता दोघींनी मिळून निस्तरायचं.

आत्या

११ सप्टेंबर

भिंगरी,

आज सत्ताविसावा दिवस. सिस्टरांनी फळ्यावर रोज आकडा लिहायला सुरुवात केली आहे. कालपर्यंत शून्य.

नऊ नंबरवर आठ दिवसांपासून एक शिंपी आहेत, पोटाचं मोठं ऑपरेशन झालेले. शुद्धीवर आल्यापासून माझ्या गाऊनकडे टक लावून बघतात. काल नळी काढल्यावर पहिलं वाक्य बोलले, "बाई, तुमच्या बाहीची शिवण उसवली आहे."

आज सकाळी त्यांना ताप भरला. एकशेतीन. रक्त काढून तुमच्याकडे पाठवलं. मी सिस्टरांना म्हटलं, मी त्यांच्या खाटेपासून लांब राहते. त्या म्हणाल्या, "लांब राहिलात तर हिशेब चुकेल. या, पुसून घ्या." मी पुसलं. फडकं नवं होतं अन् बेसिनाकडे मी पाहिलंसुद्धा नाही.

त्या शिंप्यांना तीन मुली आहेत, काचेबाहेर आळीपाळीने उभ्या राहतात. मला नमस्कार करतात. मला त्यांच्याकडे बघवत नाही. लवकर कळव.

आत्या

१४ सप्टेंबर

प्रिय आत्या,

तुझं पत्र आणि शिंप्यांचं रक्त एकाच गाडीने आलं. मी पत्र वाचलं आणि बाटली यंत्रात ठेवली, आणि तीन दिवस त्या यंत्राशेजारीच डबा खाल्ला.

काल जंतू उगवला. तपासायची वेळ आली तेव्हा मॅडमनी मला बाजूला केलं नाही, म्हणाल्या, तूच बघ. तो आपला जंतू नाही, आत्या. अगदी साधा आहे, शिंप्यांच्या स्वतःच्या पोटातला, ऑपरेशननंतर कुणालाही होतो असा. पाच औषधं लावून पाहिली, पाचही औषधांनी मरतो. योग्य औषध सुरू करा म्हणून तुमच्या डॉक्टरांना मी फोनवर कळवलं तेव्हा माझा आवाज इतका चढला होता की त्यांनी विचारलं, आग लागली आहे का.

हे पत्र मिळेपर्यंत त्यांचा ताप उतरलेला असेल. त्यांच्या मुलींकडे आता बघ.

आणखी एक. बाकीच्या सहा रुग्णालयांतली बेसिनं आम्ही तुझ्याच पद्धतीने तपासली, नीळ आणि चादर घेऊन. दोन ठिकाणी फळीवर ठिपके उडाले. तिथे अजून कुणी आजारी पडलं नव्हतं. आता पडणारही नाही. तुझ्यामुळे वाचलेली ती माणसं कोण, हे कुणालाच कधी कळणार नाही. मला मात्र रोज ती दिसतात.

आम्ही यावर शोधनिबंध लिहितो आहोत. लेखकांच्या यादीत तुझं नाव असेल, मॅडमनी स्वतः सांगितलं. पूर्ण नाव कसं लिहायचं ते तुझ्या हाताने लिहून पाठव. यादीत पदवीचा रकाना आहे. मी विचारलं, तिथे काय लिहू? मॅडम म्हणाल्या, रिकामा ठेव, वाचणाऱ्यांना थोडी लाज वाटू दे.

तुझी,
भिंगरी

१५ ऑक्टोबर

भिंगरीस अन् तिच्या मॅडमना आत्याचा नमस्कार.

काल साठावा दिवस होता. सकाळी सातला पोचले तर सगळा आयसीयू फळ्यासमोर उभा. डॉक्टर, सिस्टर, माझ्या सहाजणी, अन् मागे हात बांधून व्यवस्थापकसाहेब. इनचार्ज सिस्टर रोज स्वतः लिहितात तो आकडा त्यांनी काल लिहिला नाही. पेन माझ्या हातात दिलं. म्हणाल्या, "मावशी, आज तुम्ही." मी शून्य काढलं. जरा वाकडं आलं, अंड्यासारखं. कुणी पुसू दिलं नाही.

साहेब पुढे आले. मला वाटलं भाषण करतील. ते म्हणाले, "माझं चुकलं." तेवढंच म्हणाले. तेवढंच पुरलं. शेजारच्या वॉर्डात बदलीवर आलेल्या लोळणबाईने सगळ्यांत जोरात टाळ्या वाजवल्या अन् म्हणाली, माझ्यामुळेच सापडलं. खोटं म्हणता येईना.

मग मी मास्तरांच्या खाटेपाशी जाऊन थोडी उभी राहिले. तिथे आता दुसरं कुणी आहे. फरशी पुसताना मनातल्या मनात त्यांना सांगितलं, आता पाय खाली ठेवा.

शिंपी पंधरा दिवसांपूर्वीच चालत घरी गेले. काल तिन्ही मुलींना घेऊन परत आले. तुम्ही उशीवरची ती दुसरी चादर आम्हाला परत पाठवली ना, ती सिस्टरांनी भिंतीला लावली आहे. येईल त्या नव्या माणसाला आधी तिच्यासमोर उभं करतात. शिंपी तिच्याकडे बघत राहिले अन् म्हणाले, हिचे धागे सुटताहेत, अशी टिकायची नाही. उतरवून घेतली, बाकावर बसले अन् चारी बाजूंनी हातशिलाई घातली. नऊ ठिपक्यांपैकी एकालाही सुई लागू दिली नाही. जाताना माझी बाहीसुद्धा शिवून दिली.

सोबतच्या कागदावर माझं नाव आहे. सात वेळा लिहून बघितलं, त्यातलं सगळ्यात बरं पाठवते. उरलेली सहा माझ्याजवळ ठेवली आहेत.

आता रजा टाकते आहे, पंधरा दिवसांची. येते तुझ्याकडे. तो तक्ता मला दाखव, पण आता त्यात माझी रजा कुठे सुरू झाली अन् कुठे संपली, हे तुला शोधूनही सापडायचं नाही.

आत्या